अडीचशे टाळांचा मुक्काम

ज्येष्ठ महिन्यातला एक दिवस असा येतो की हिंगोली जिल्ह्यातल्या सेनगावचे लक्ष सकाळपासून रिसोडच्या रस्त्याकडे लागलेले असते. शेगावच्या गजानन महाराजांची पालखी विदर्भाची हद्द ओलांडून पानकनेरगावात मराठवाड्यात शिरते आणि तिथून सेनगावकडे निघते. पालखी दिसण्याआधी तिचा आवाज येतो. आधी टाळांची नुसती किणकिण, मग त्याखालून मृदंगाची धुमी, आणि बऱ्याच वेळाने पांढऱ्या टोप्यांची रांग. दारात सडा पडलेला असतो, रांगोळी काढून झालेली असते. पेरणीच्या तोंडावर माणूस रानातून हलत नाही. बियाणे, खत आणि पाऊस यांपलीकडे त्या दिवसांत कुणाला काही सुचत नाही. तरी त्या दिवशी माणसे रस्त्यावर उभी असतात.

शेगावची ही पायी वारी १९६८ साली सुरू झाली. सुमारे सातशे वारकरी, त्यांत अडीचशे टाळकरी, अडीचशे पताकाधारी आणि दोनशे सेवेकरी असा तिचा हिशेब ठरलेला आहे. शेगाव ते पंढरपूर हे अंतर साडेसातशे किलोमीटरच्या घरात आहे आणि ते तेहतीस दिवसांत तोडले जाते. अकोला, पातूर, रिसोड, सेनगाव, औंढा नागनाथ, परभणी, गंगाखेड, परळी, अंबाजोगाई, कळंब, तुळजापूर, सोलापूर, मंगळवेढा अशी ही वाट. दीड दिवस चालले तरी पाय भरून येणाऱ्या माणसाने एकदा मनाशी हिशेब करून पाहावा: महिनाभर रोज चालायचे, चालताना गायचे, गाताना टाळ धरायचा आणि लय सोडायची नाही.

सेनगावात याला कुणी वाद्यवृंद म्हणत नाही. दिंडी म्हणतात. पण एका लयीत, एका सुरात, ठरलेल्या क्रमाने वाजवणारी अडीचशे माणसे, त्यांचे नेमलेले मृदंगी, त्यांचा विणेकरी, चाल धरणारे गायक आणि इशारा देणारा चोपदार, ही रचना वाद्यवृंदाची नाही तर कशाची आहे? मराठवाड्याच्या या भागात नाट्यगृहे नव्हती, संगीत विद्यालये नव्हती, दरबारी आश्रयाचे गवई नव्हते. सामूहिक संगीत मात्र होते, आणि ते कसे उभे राहिले याला इतिहास आहे. ते आपोआप उगवलेले नाही.

मुंबईची गोष्ट इथे सांगण्यासारखी आहे. १९३५ साली मेहली मेहता या पारशी व्हायोलिनवादकाने तिथे बॉम्बे सिम्फनी ऑर्केस्ट्रा उभा केला. पारशी हौशी वादक, हॉटेलांत आणि चित्रपटांत वाजवणारे गोवेकर, युरोपातून जीव वाचवून आलेले ज्यू, पलटणीच्या बँडमधले शिपाई असे नाना ठिकाणचे लोक त्यात बसत. पुढच्याच वर्षी मेहतांच्या घरी जन्मलेला झुबिन याच तालमींत वाढला आणि जगभर गाजला. पण पन्नासच्या दशकात मेहली मेहता परदेशी गेले, इंग्रज आणि युरोपीय वादक पांगले आणि तो वाद्यवृंद विरून गेला. २००६ साली मुंबईतल्या एनसीपीए या कलासंस्थेने सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया सुरू केला, तो कझाकस्तानचे व्हायोलिनवादक मारात बिसेनगालिएव्ह यांना सोबत घेऊन. त्यातले बरेच वादक बाहेरदेशांतूनच आणावे लागले. एवढी मोठी मुंबई, एवढा पैसा, पण ओबो किंवा बासून वाजवणारी माणसे घरात तयार होत नव्हती.

याच गोष्टीची दुसरी बाजू गोव्यात दिसते. सोळाव्या शतकापासून तिथल्या चर्चच्या शाळांत मुलांना सुरांची लिपी वाचायला शिकवत आणि हातात व्हायोलिन देत. गावोगाव मेस्त असायचा, तो चर्चचे गायन बसवायचा आणि पोरांना शिकवायचाही. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे याच परंपरेतून मुंबईला आले, प्यारेलाल यांना व्हायोलिन शिकवले आणि १९५८ साली सेंट झेवियर्स कॉलेजच्या आवारात लता मंगेशकर व मन्ना डे यांना घेऊन त्यांनी भारतीय रागांवरच्या सिम्फनीचा कार्यक्रम केला. हिंदी चित्रपटसंगीतातले व्हायोलिनचे ताफे कितीतरी वर्षे गोव्याच्या या शाळांनीच पुरवले. सांगायचा मुद्दा इतकाच की वाद्यवृंद सभागृहात उभा राहात नाही. तो पोरांना जिथे फुकट आणि रोज शिकायला मिळते तिथे उभा राहतो. गोव्यात ती जागा चर्चची शाळा होती. सेनगाव, गोरेगाव, आजेगाव, साखरा या भागात ती जागा मारुतीच्या किंवा विठ्ठलाच्या देवळाची ओसरी आहे.

या ओसरीवरची शिकवणी कशी चालते ते जवळून पाहावे. दिवेलागणीला हरिपाठ असतो. मोठी माणसे दोन ओळींत समोरासमोर उभी राहतात आणि ओळीच्या टोकाला पोरे. पोराच्या हातात टाळाची जोडी येते ती आधी नुसती धरायला. टाळ मुठीत आवळून धरला तर आवाज मरतो, दोरी बोटांत सैल ठेवली तर टाळ बोलतो. हे कुणी समजावून सांगत नाही. शेजारचा माणूस त्याची बोटे सोडवून नीट लावून देतो, बस्स. मग पाय. हरिपाठाची पावली म्हणजे डावा-उजवा पाय टाकत पुढे येणे, मागे जाणे, गिरकी घेणे, आणि हे सगळे टाळाच्या ठेक्यावर. पोर सहा महिने चुकते, सातव्या महिन्यात पाय आपोआप पडू लागतात. त्याला अजून वाचता नीट येत नसले तरी हरिपाठाचे अठ्ठावीस अभंग पाठ झालेले असतात.

मृदंगाची गोष्ट वेगळी. तिथे हात बसायला वर्षे लागतात. भजनाआधी मृदंगी डाव्या पुडीला कणकेचा गोळा लावतो, बोटांनी पसरतो, ओल्या बोटाने कडा सारखी करतो, एक थाप मारून ऐकतो, थोडी कणीक काढतो, पुन्हा ऐकतो. उजव्या पुडीला शाई असते, तिथे हातोडीने गठ्ठे वरखाली ठोकून सूर मिळवायचा. दहा मिनिटे हे चालते आणि तोवर सगळे निमूट बसतात. ज्याने हे एकदा पाहिले आहे तो भजनी मंडळाला अडाण्यांचा गोंगाट म्हणणार नाही.

आणि वर्षातून एकदा सप्ताह. अखंड हरिनाम सप्ताहात सात दिवस वीणा खाली ठेवायची नसते. गावातली माणसे पहारे वाटून घेतात. रात्री दोनचा पहारा कुणाचा, पहाटे चारचा कुणाचा, हे आधीच ठरते. दिवसभर नांगर धरलेला किंवा किराणा दुकानात बसलेला माणूस मध्यरात्री उठून, हातपाय धुऊन देवळात येतो. आधीचा विणेकरी त्याच्या पाया पडतो, तो त्याच्या पडतो, वीणा एका गळ्यातून दुसऱ्या गळ्यात जाते, तारेवरचे बोट थांबत नाही. पहाटे काकडा, सकाळी पारायण, दुपारी गाथ्याचे भजन, संध्याकाळी हरिपाठ, रात्री कीर्तन आणि मग जागर, अशी सात दिवसांची बांधणी असते. आठव्या दिवशी काल्याचे कीर्तन आणि महाप्रसाद. वर्गणी, शिधा, भांडी, मांडव, पंगतीची वाढप, सगळे गावाचे. ज्यांचे बांधावरून वर्षभर बोलणे नसते, तेही या आठवड्यात एका रांगेत टाळ घेऊन उभे दिसतात. भांडण मिटते असे नाही. पण समोरासमोर उभे राहून एका ठेक्यावर पाय टाकावे लागतात.

या परिसराला याचा मान विशेष आहे, कारण कीर्तनाची परंपरा ज्यांच्यापासून मोजतात त्या नामदेवांचे जन्मगाव म्हणून परंपरा नर्सीचे नाव सांगते. नर्सी सेनगावच्या शेजारीच, कयाधूच्या काठावर आहे. नामदेवांचा जन्म १२७० चा आणि समाधी १३५० ची. शिंपी घरातल्या या माणसाने चंद्रभागेच्या वाळवंटात कीर्तन उभे केले आणि ते मंदिराच्या आतून बाहेर, उघड्यावर आणले, जिथे कुणालाही येता येते. औंढा नागनाथची कथा इथल्या प्रत्येक घरात सांगतात. नामदेवांना देवळासमोर कीर्तन करू दिले नाही, ते मागच्या बाजूला जाऊन गाऊ लागले, तेव्हा देऊळच त्यांच्याकडे फिरले. कथा म्हणून तिच्याकडे पाहिले तरी तिचा अर्थ स्पष्ट आहे. गाणे कुणाच्या हद्दीत गायचे हा वाद तेव्हापासूनचा आहे.

नामदेव उत्तरेत पंजाबपर्यंत गेले. गुरू ग्रंथ साहिबात त्यांची ६१ पदे आहेत आणि ती आजही गुरुद्वारांत रागांत गायली जातात. पंजाबातल्या घुमानला त्यांचे स्थान आहे. २०१५ साली अठ्ठ्याऐंशीवे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन तिथे भरले ते याच नात्याने. शीख यात्रेकरू नर्सीला येतात. एकाच माणसाचे शब्द नर्सीत टाळ-मृदंगावर आणि घुमानात तबला-पेटीवर वाजतात, ही हिंगोली जिल्ह्याने अभिमानाने सांगावी अशी गोष्ट आहे.

नामदेवांचे कीर्तन ते आजची शिस्तीची दिंडी यांच्यात सहा-सात शतके गेली आणि मधली बांधणी माणसांनी विचारपूर्वक केली. १६८५ साली तुकारामांचे पुत्र नारायण महाराज यांनी पादुका पालखीत ठेवून वारी नेण्याची प्रथा सुरू केली. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात सातारा भागातल्या आरफळचे हैबतबाबा यांनी ज्ञानेश्वरांच्या पालखीचा स्वतंत्र सोहळा घडवला. ते शिंद्यांच्या पदरी होते, सैन्याची शिस्त त्यांना ठाऊक होती. रथापुढच्या आणि रथामागच्या दिंड्या, त्यांचे क्रम, मुक्काम, अंकलीच्या शितोळे सरदारांचे घोडे, सगळे नेमून दिले गेले. भजनाचाही क्रम लागला. पहाटेचा काकडा, मग भूपाळ्या, वासुदेव, गौळणी, त्या त्या वाराचे अभंग, दुपारनंतर हरिपाठ. आज कुठल्याही दिंडीत कुणीही अनोळखी माणूस शिरला तरी पुढे काय येणार हे त्याला माहीत असते. लिपीत लिहिलेला कागद कुणाच्याच हातात नसतो.

आळंदीच्या सोहळ्यात मुक्कामावर समाजआरती होते. सगळ्या दिंड्यांचे हजारो टाळ एकाच वेळी वाजत असतात. चोपदार दंड उंचावतो आणि एका क्षणात सगळे शांत होते. पण एखाद्या दिंडीची तक्रार असली तर ती दिंडी टाळ थांबवत नाही. सगळीकडे शांतता आणि एका कोपऱ्यात टाळ चालू, म्हणजे तिथे काही गाऱ्हाणे आहे. चोपदार तिथे जातो, ऐकून घेतो, मग पुढचे. वाजवणाऱ्यांच्या हातात दाद मागायचे इतके साधे आणि इतके नेमके साधन दुसऱ्या कुठल्या वाद्यवृंदात असेल असे वाटत नाही.

शिकवणीचा पुढचा टप्पा १९१७ चा. त्या साली विष्णुबुवा जोग यांनी आळंदीला वारकरी शिक्षण संस्था काढली. अभंग, ज्ञानेश्वरी, कीर्तन यांचे चार वर्षांचे शिक्षण, मधुकरी मागून जेवण, आणि शिकून झाल्यावर गावाकडे परतणे अशी तिची रीत. सोनोपंत दांडेकर हे जोगांचेच शिष्य. बंकटस्वामींनी मराठवाड्यात फिरून हा पंथ रुजवला. तेव्हा हा भाग निजामाच्या राज्यात होता. सरकारी कारभाराची भाषा उर्दू, शाळा थोड्या, मराठी पुस्तके कमी. अशा काळात सामान्य शेतकऱ्याच्या घरी मराठी ग्रंथ जिवंत राहिला तो बव्हंशी भजन आणि सप्ताहामुळे. १७ सप्टेंबर १९४८ ला हैदराबाद संस्थान संपले. १९९९ साली १ मेला हिंगोली स्वतंत्र जिल्हा झाला. या सगळ्या उलाढालीत संध्याकाळचा हरिपाठ मात्र चुकला नाही.

शेगावच्या संस्थानाने या शिकवणीला हातभार लावला तो वस्तूंनी. गावोगावच्या भजनी मंडळांना टाळांच्या जोड्या, वीणा, मृदंग, हातोडी आणि त्याबरोबर ज्ञानेश्वरी, एकनाथी भागवत, तुकोबांची गाथा असे साहित्य संस्थानाने दिले. गरीब वस्तीतल्या मंडळाला मृदंग विकत घेणे हा लहान खर्च नसतो. पुडी फाटली की वर्षभर भजन अडते. शिवशंकरभाऊ पाटील यांच्या कारभारात संस्थानाला जी शिस्त आली, तीच पालखीत दिसते: रांग मोडत नाही, रस्त्यावर कचरा राहत नाही, टाळकरी ओळीतून बाहेर पडून फोटोसाठी उभा राहत नाही. ४ ऑगस्ट २०२१ ला ते गेले, पण घालून दिलेली चाल बदलली नाही.

याच इतिहासात एक दुखरी जागा आहे आणि ती टाळून पुढे जाता येत नाही. गावात संगीत वाजवणारी माणसे आणखी होती. हलगी, सनई, डफ वाजवणारे मांग, घडशी, होलार. लग्नाची वरात त्यांच्याशिवाय निघत नसे, देवाची मिरवणूकही नाही. पण त्यांच्या वाद्याला देवळाच्या बाहेरच उभे राहावे लागे. चोखोबा पंढरीत गेले तरी पायरीखाली राहिले. त्यांचा अंत मंगळवेढ्यात झाला, आणि परंपरा सांगते की नामदेवांनीच त्यांच्या अस्थी आणून महाद्वारासमोर समाधी बांधली. पंढरपूरचे मंदिर सगळ्यांना खुले व्हायला साने गुरुजींचे १९४७ च्या मे महिन्यातले उपोषण लागले. बायकांचेही तेच. याच वाटेवरच्या गंगाखेडची जनाबाई अभंग रचते, पण वीणा आणि मृदंग पिढ्यानपिढ्या पुरुषांच्याच हाती राहिले. बाईने डोक्यावर तुळस घ्यायची, फुगडी घालायची, मागून गायचे. आता महिला भजनी मंडळे गावोगाव झाली आहेत, मुली मृदंग शिकतात, कीर्तन करतात. हे उशिरा झाले. ज्या गावात अजूनही एखाद्या मुलीला टाळ धरायला लाजावे लागते, तिथे नामदेवांचे नाव घेताना जरा थांबून विचार करायला हवा.

पालखी सेनगावात येते तेव्हा गावाचीही परीक्षा असते. सातशे माणसांचे जेवण, पाणी, झोपायची जागा, पाय शेकायला गरम पाणी, कुणाला औषध. कुठल्या आळीने भाकरी करायच्या, कुणी पिठले, कुणी चहा, हे ठरलेले असते आणि कागदावर कुठेच नसते. संध्याकाळी कीर्तन होते. गावातली भजनी मंडळी तेव्हा मागे टाळ धरून उभी राहतात आणि त्यांच्या टाळांना शेगावच्या टाळांशी जुळवून घ्यावे लागते. शेगावकरांची लय धिमी आणि पक्की. गावातल्या तरुणांना घाई असते, दुसऱ्याच अभंगाला ते पुढे पळतात. जुना टाळकरी मान वळवून नुसते पाहतो. लय पुन्हा जागेवर येते. वर्षातून एकदा मिळणारा हा धडा दुसऱ्या कुठल्या शाळेत मिळत नाही.

२०२० आणि २०२१ ही दोन वर्षे साथीमुळे पायी वारी झाली नाही. रस्ता रिकामा राहिला. त्या दोन वर्षांनी एक गोष्ट दाखवून दिली. ज्या गावांत रोजचा हरिपाठ चालू होता तिथे घराघरांत टाळ वाजत राहिले; ज्या गावांत भजन फक्त पालखीच्या आणि सप्ताहाच्या दिवसांपुरते उरले होते तिथे मात्र ते पुन्हा जमवायला वेळ लागला. दुसरा धोका आवाजाचा आहे. मिरवणुकीला मोठे स्पीकर लावले की टाळ ऐकू येत नाहीत, आणि जो टाळ स्वतःला ऐकू येत नाही तो लयीत पडत नाही. सप्ताहात कीर्तनकाराच्या मानधनाचे आकडे वाढले, मांडव मोठे झाले, पण टाळकऱ्यांची ओळ मात्र कमी झाली, हेही अनेक गावांतले चित्र आहे. पैसा कमी पडला म्हणून भजन थांबल्याचे उदाहरण क्वचित. शिकवणारा म्हातारा गेला आणि त्याच्या जागी कुणी उभे राहिले नाही म्हणून थांबल्याची उदाहरणे पुष्कळ.

सेनगावातून पालखी सकाळी निघते ती नर्सी, औंढ्याच्या दिशेने. पंढरपूरहून परतताना ती बीड, जालना, सिंदखेडराजा, मेहकर, खामगाव अशा दुसऱ्या वाटेने शेगावला जाते, त्यामुळे सेनगावला तिचे दर्शन वर्षातून एकदाच. आषाढ वद्य एकादशीला नर्सीत परतवारी भरते, लाखभर माणसे कयाधूच्या काठी जमतात आणि गावोगावच्या दिंड्या तिथे आपापले टाळ घेऊन येतात. त्या दिंड्यांत पुढच्या वीस वर्षांनी कोण असेल हे आज संध्याकाळी ठरते. ज्यांच्या घरात चौथी-पाचवीतले मूल आहे, मग मुलगा असो की मुलगी, त्यांनी दिवेलागणीला त्याला देवळात हरिपाठाला पाठवावे. टाळाची एखादी जोडी तिथे खुंटीला रिकामी असतेच.